कोकणातल्या सड्यावरच्या मंतरलेल्या अक्षरांमागे विद्वानांचा सिद्धांत कसा उभा करावा?

तुमच्या प्रश्नाचा गाभा मला कळला तो असा: कादंबरी कोकणात घडते, नायिका लिपीशास्त्र शिकते, गावच्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, मंतरलेली अक्षरं कोरलेली आहेत आणि त्यांच्यामागे अभ्यासकांनी मांडलेला सिद्धांत खरा वाटायला हवा. सोबत तुम्ही २४ अक्षरांचा तक्ता दिलाय. हे आगीचं, हे पाण्याचं, हे वाऱ्याचं.

तक्ता फाडून टाका. तो उत्तर युरोपातल्या रुनिक लिपीवरून आलाय हे २४ या आकड्यावरूनच कळतं, त्या लिपीच्या सगळ्यात जुन्या रूपात तेवढीच अक्षरं आहेत. तिथल्या सगळ्यात जुन्या लेखांपैकी एक डेन्मार्कमध्ये सापडलेल्या एका फणीवर आहे, साधारण इ. स. १६० चा. त्यात आहे एकच शब्द, बहुधा कुणाचं तरी नाव. त्या लिपीत आडव्या रेघा टाळलेल्या दिसतात, कारण ती मुळात लाकडावर कोरायची आणि आडवी रेघ लाकडाच्या नसांत हरवून जाते, असं बरेच अभ्यासक मानतात. म्हणजे अक्षराचं वळण ठरवलं ते ज्यावर कोरायचं त्या लाकडानं. तुमच्याकडे जांभा आहे, कोकणातला तांबडा सच्छिद्र दगड. जांभा काय करू देतो, तिथून निघा.

मी राजापूरकडचा, चिरेखाणी बघत वाढलेला. खाणीतून नुकताच काढलेला चिरा मऊ असतो, उन्हावाऱ्यात राहिला की कडक होतो. दगड भोकाभोकाचा, त्यामुळे नाजूक अक्षर त्यावर टिकायचं नाही. अक्षरं मोठीच लागतील, खोल चरांची. कशेळीच्या सड्यावरचा कोरलेला हत्ती सुमारे १८ मीटर लांब आणि १३ मीटर रुंद आहे, यावरून सड्यावर कोरणाऱ्याचा हात केवढा मोकळा असतो ते ध्यानात येईल. आणि सडा सपाट, म्हणजे मृगाचा पाऊस पडला की प्रत्येक चर भरणार.

इथे तुमच्या विद्वानांचं पहिलं भांडण लावून द्या. एक गट म्हणतो, शक्ती आकारात आहे. दुसरा म्हणतो, पाण्यात आहे. अक्षरं मृगापासून हस्तापर्यंतच जागी होतात, आणि उतारावरची कधीच होत नाहीत, कारण तिथे पाणी थांबत नाही. पुरावा दुसऱ्या गटाच्या बाजूनं आहे, म्हणून तीस-चाळीस वर्षं तेच शिकवलं जातं. मग नायिका सड्यावर गुरं चारणाऱ्या म्हाताऱ्याला विचारते आणि तो सहज सांगून जातो, ‘आषाढात कसली जागी होतायत? श्रावणात या.’ आषाढात तर चर तुडुंब भरलेले असतात. मग अडतं कुठे? आषाढात आभाळ फाटलेलं असतं, आठ-आठ दिवस सूर्य दिसत नाही. श्रावणात उघडीप मिळते.

म्हणजे अक्षराला पाणी हवं ते आरशासारखं. भरलेल्या चरात सूर्य किंवा चंद्र दिसला पाहिजे.

हा धागा मी हवेतून काढलेला नाही. आपल्याकडचे गधेगळ पाहिलेत का? दानाचा दगड: वर चंद्र-सूर्य, मध्ये मजकूर आणि दान मोडणाऱ्याला गाढवाचा शाप. अलिबागजवळच्या अक्षीचा लेख असाच, शके ९३४ म्हणजे इ. स. १०१२ चा मानतात. चंद्र-सूर्य तिथे शोभेला नाहीत. ते असेतोवर दान चालावं असा त्याचा अर्थ. तुमच्या जगात ते खरोखरचे साक्षीदार करा. मंतरलेलं अक्षर हुकूम सोडत नाही, ते करार करतं, आणि साक्षीदार हजर नसेल तर करार लागू होत नाही. याला ‘साक्षीमत’ म्हणा किंवा आणखी काही. मला त्या तक्त्यापेक्षा हे कितीतरी जास्त भीतीदायक वाटतं, कारण करारात मोडणाऱ्याला शापही येतो. तो कुणाला लागतो, यावर तुमचं अर्धं कथानक चालेल.

आता वाचनाचा प्रश्न, कारण परीक्षकांसमोर ‘मला स्वप्नात दिसलं’ म्हणून भागत नाही. १८३७ मध्ये जेम्स प्रिन्सेप या इंग्रज अभ्यासकाला ब्राह्मी या प्राचीन लिपीची किल्ली सापडली ती सांचीच्या छोट्या लेखांत. बऱ्याच लेखांच्या शेवटी तीच दोन अक्षरं येतात, तेव्हा हे ‘दानं’ असणार, असं त्यानं ताडलं. आपल्या कुडा लेण्यांतही दानलेखांत ‘देयधम’, म्हणजे धर्मदान, हा शब्द पुन्हा पुन्हा भेटतो. तुमच्या सड्यावर प्रत्येक ओळीच्या शेवटी एकच खूण ठेवा. आकारवाल्यांनी ती ‘अग्नी’ म्हणून कोशात घालून ठेवलीय. नायिका शिमग्याला गावी जाते, गाऱ्हाणं ऐकते. एकजण देवाला एकेक मागणं घालतो, प्रत्येक मागण्याला सगळे मिळून ‘होय महाराजा!’ तिथेच तिला ती खूण लागते: तो जमावाचा होकार आहे. म्हणजे एकट्यानं वाचून चालणार नाही. ज्या संशोधकानं एकट्यानं वाचलं, त्याचं काय झालं ते तुम्ही ठरवा, मी ठरवलं तर फार वाईट होईल.

सगळं सुटू देऊ नका. देवळाच्या तुळईवर कोरलेलं अक्षर घ्या: तिथे पाणी नाही, पण समईच्या उजेडात तेल माखलेली लकाकी आहे. साक्षीमतवाले ते ओढूनताणून बसवतील, विरोधक हसतील. आणि खाडीच्या तोंडाशी खडकावरचं एक अक्षर असं ठेवा की ते अमावास्येच्या उधाणाला, चंद्र नसताना जागं होतं. त्याचं उत्तर कुणाकडेच नको, नायिकेकडेही नको. तिच्या प्रबंधात ते एका तळटीपेत गेलेलं दाखवा.

एक विनंती. बारसू, कशेळी, उक्षी ही गावं खरी आहेत, तिथली कातळशिल्पं २०२२ पासून युनेस्कोच्या संभाव्य यादीत आहेत, आणि त्या चित्रांचा अर्थ अजून वादात आहे. त्यांच्यावर तुमची लिपी चिकटवलीत तर ‘इथे मंत्र कोरलेत’ म्हणून लोक पुढच्या रविवारी खडू घेऊन सड्यावर हजर होतील. गाव काल्पनिक घ्या.