दावा मागे घेतला तर परत लावता येतो का? (सरकारविरुद्धचा दावा, दाव्याआधी सरकारला द्यायची दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस राहून गेली आहे)

येतो, पण कोर्टाने तशी परवानगी दिली असेल तरच. नुसती 'दावा काढून घेत आहे' अशी पुरसीस (कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) देऊ नका. तसं केलंत तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम १(४) प्रमाणे त्याच विषयावर नवा दावा लावता येत नाही, वर खर्चही बसू शकतो.

नियम १(३) खाली अर्ज द्या. त्यात दोष नेमका लिहा: 'कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस न दिल्याने दावा टिकणार नाही'. 'काही तांत्रिक कारणास्तव' असं मोघम लिहिलेलं अर्ज फेटाळायला पुरेसं असतं. पुरावा कच्चा पडला म्हणून मात्र ही मुभा मिळत नाही. शेवटी 'मुभा मिळणार नसेल तर दावा चालू ठेवावा' हे वाक्य टाकाच.

हुकूम झाला की नक्कल काढून वाचा. 'विथड्रॉन' (मागे घेतला) एवढंच असेल आणि नव्या दाव्याची परवानगी नसेल, तर लगेच दुरुस्ती मागा.

सगळ्यात जास्त लोक फसतात ते दावा लावायच्या मुदतीत. नियम २ प्रमाणे पहिला दावा झालाच नव्हता असं धरून मुदत मोजतात. अधिकारक्षेत्रासारख्या दोषामुळे परवानगी मिळाली असेल तर मुदत कायद्याच्या कलम १४(३) चा आधार मिळू शकतो, म्हणजे पहिल्या दाव्यात गेलेला काळ मुदतीतून वगळला जातो. त्यामुळे अर्जाआधी तारखा मोजा.

हायकोर्टातल्या रिट याचिकेलाही परवानगीशिवाय मागे घेतली तर परत लावता येत नाही हेच तत्त्व लागतं, सुप्रीम कोर्टाचा १९८६ चा सरगुजा ट्रान्सपोर्ट निकाल पाहा.