नव्या प्रयोगांना वाहिलेली वाङ्मयीन नियतकालिकं फारशी खपत नाहीत, मग त्यांचा उपयोग काय?

खपावरून त्यांना जोखू नका. मोठे प्रकाशक ज्याला हात लावायला धजत नाहीत, ते लेखन अनेकदा आधी इथे छापून येतं. मार्गारेट अँडरसन यांनी १९१४ मध्ये शिकागोत सुरू केलेलं ‘द लिटल रिव्ह्यू’ घ्या. आयरिश लेखक जेम्स जॉइसची ‘युलिसिस’ ही कादंबरी त्यात १९१८ पासून क्रमशः येऊ लागली. अमेरिकी टपाल खात्याने अंक जप्त केले, १९२१ मध्ये अँडरसन आणि जेन हीप या संपादिकांना अश्लीलतेबद्दल प्रत्येकी ५० डॉलर दंड झाला. पुस्तक निघालं १९२२ मध्ये, तेही पॅरिसला! बाकी अशा अंकांत फसलेले प्रयोगही भरपूर असतात, काही तर निव्वळ दुर्बोध. तिथे खुशाल पान उलटावं.