मुंबई घडवणारी माणसं कोणती? दारव्ह्याच्या कापूस-रानातून एक उत्तर

तुम्ही विचारलंय की, शाळेत मुंबईचा इतिहास शिकलो तो सात बेटं, पोर्तुगीज आणि इंग्रज एवढाच. या शहरातली लक्षात ठेवावी अशी माणसं कोणती, आणि खेड्यातल्या माणसानं ती का लक्षात ठेवावी?

मी यवतमाळ जिल्ह्यात दारव्ह्याजवळ राहतो, कापूस पेरतो. मुंबईत माझं घर नाही, नातलग नाहीत. तरी उत्तर द्यावंसं वाटलं, कारण या शहराची ओळख मला गठाणीवरून झाली. माझे आबाजी, म्हणजे आजोबा, इथल्या जिनात, म्हणजे कापसातून सरकी काढायच्या कारखान्यात, हमाल होते. सरकी काढलेली रुई दाबून, बारदानात गुंडाळून, पट्ट्या आवळून गठाण तयार झाली की तिच्यावर पत्र्याच्या साच्यातून काळ्या शाईनं अक्षरं उठवत. आबाजींना लिहिता-वाचता येत नव्हतं, पण त्या अक्षरांत मुंबई कुठली हे ते आकारावरून ओळखायचे आणि बोटानं धुळीत काढून दाखवायचे. मग गठाण शकुंतलेत चढायची. शकुंतला म्हणजे आमची यवतमाळ–मूर्तिजापूर छोटी लाइन, किलिक निक्सन या इंग्रज कंपनीची, कापसासाठीच टाकलेली. मूर्तिजापूरला माल मोठ्या लाइनीवर चढला की पुढे थेट समुद्र. "आपला कापूस पाण्यावर जाते बापू, आपणच नाही गेलो," आबाजी म्हणायचे. ते खरंच कधी गेले नाहीत.

म्हणून मी तुम्हाला त्या गठाणीच्या वाटेवर भेटणारी माणसं सांगतो.

सुरुवात कोळ्यांपासून. बेटं त्यांची, मुंबादेवी त्यांची, शहराचं नाव तिच्यावरून. १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाकडून बेटं पोर्तुगीजांकडे गेली, १६६१ च्या लग्नाच्या तहानं इंग्लंडच्या राजाकडे, आणि १६६८ मध्ये राजानं ती वर्षाला दहा पौंड भाड्यानं ईस्ट इंडिया कंपनीला देऊन टाकली. हे तुम्ही वाचलेलंच आहे. बहुधा न वाचलेलं नाव लवजी नसरवानजी वाडियांचं. जहाजबांधणीतले हे पारशी कारागीर १७३६ मध्ये सुरतेहून मुंबईला आले, आणि त्यांच्या घराण्यानं पिढ्यान् पिढ्या इथं जहाजं बांधली. १८१७ मध्ये मुंबईत सागवानात बांधलेलं 'ट्रिंकोमाली' आजही इंग्लंडात हार्टलपूलला पाण्यावर उभं आहे. आमचा जिल्हा सागाचा आहे, चांगलं लाकूड किती टिकतं ते आम्हाला माहीत असतं. पण दोनशे वर्षं पाण्यात!

बंदर होतं, जहाजं होती, पण वऱ्हाडचा कापूस तिथवर पोचणं सोपं नव्हतं. रेल्वेच्या आधी आमचा पुष्कळसा कापूस बैलांच्या पाठीवर लादून गंगेकाठी मिर्झापूरला आणि तिथून नावेनं कलकत्त्याला जाई. मुंबईकडे यायचं तर मध्ये घाट. महिनोन् महिने वाटेत पडलेला माल धुळीनं माखे, पावसात भिजे. अशा वेळी १८५३ साल उजाडलं. १६ एप्रिलला दुपारी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी सुटली: चौदा डबे, चारशे पाहुणे, आणि साहेब, सिंध, सुलतान ही तीन इंजिनं. त्याच वर्षी इंग्रजांनी फौजेच्या थकलेल्या खर्चापोटी निजामाकडून वऱ्हाड ताब्यात घेतलं. पुस्तकात या दोन गोष्टी दोन वेगळ्या धड्यांत असतात. माझ्या मते त्यांचा धडा एकच आहे. एका हातानं कापूस पिकणारी काळी जमीन घेतली, दुसऱ्या हातानं तो न्यायची वाट बांधली.

ती वाट व्हावी म्हणून ज्यांनी खटपट केली त्यांत नाना, म्हणजे जगन्नाथ शंकरशेट. मूळ मुरबाडचे. १८४५ पासून रेल्वेसाठी धडपडत होते, पुढे रेल्वे कंपनीच्या संचालकांत बसले. पण मला नाना आवडतात ते वेगळ्या कारणासाठी. मुलींनी शिकायचं म्हणजे लोक तोंडावर नावं ठेवत, त्या काळात त्यांनी गिरगावच्या आपल्या वाड्यात मुलींच्या शाळेला जागा दिली. पैसेवाला माणूस देणगी देतो, त्यात नवल नाही; स्वतःच्या घराचं दार उघडायला जास्त हिंमत लागते.

त्यांच्याच काळातले सर जमशेटजी जीजीभाई. मुंबईतलं जे. जे. रुग्णालय त्यांच्या नावाचं, तुमच्या गावातलंही कुणी ना कुणी तिथं जाऊन आलं असेल. त्यांचा पैसा चीनला अफू आणि कापूस विकून आलेला होता, हेही सांगायला हवं. त्यांच्या पत्नी अवाबाई मला जास्त लक्षात राहिल्या. माहीम आणि वांद्र्याच्या मधल्या खाडीत नावा बुडून माणसं जात होती. अवाबाईंनी दीड लाखाहून जास्त रुपये दिले, १८४५ मध्ये माहीमचा बांध झाला, आणि अट एकच घातली: या वाटेवर कुणाकडून टोल घ्यायचा नाही.

आता कापसाच्या तेजीकडे येतो, कारण मुंबईचा खरा कायापालट तिनं केला. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी पेटली. दक्षिणेतली बंदरं अडवली गेली, इंग्लंडच्या गिरण्यांना कापूस मिळेना, आणि सगळ्यांच्या नजरा हिंदुस्थानाकडे वळल्या. लिव्हरपूलच्या बाजारात आमच्या कापसाला 'ऊमरा' म्हणत. हे नाव अमरावतीवरून पडलेलं. 'वऱ्हाड, सोन्याची कुऱ्हाड' आपल्याकडे उगाच म्हणत नाहीत. मुंबईत तर लोकांनी गाद्या-उशा उसवून आतला कापूस विकला असं सांगतात.

त्या तेजीचा राजा प्रेमचंद रायचंद. सुरतेच्या घरातला, इंग्रजी लिहिता-वाचता येणारा दलाल. त्याच्या शब्दावर शेअर चढायचे. समुद्र भरून जमीन काढायची कंपनी निघाली, तिचे शेअर लोकांनी वाटेल त्या भावानं घेतले. १८६५ मध्ये अमेरिकेतलं युद्ध संपलं, कापसाचा भाव कोसळला, आणि त्याबरोबर बँका, कंपन्या आणि प्रेमचंदही कोसळला. तेजीच्या दिवसांत आईच्या नावानं त्यानं दोन लाख रुपये दिले होते. त्यातून विद्यापीठाचा राजाबाई टॉवर १८७८ मध्ये उभा राहिला. आई आंधळी होती, टोल्यांवरून तिला वेळ कळावी म्हणून तो मनोरा, अशी गोष्ट सांगतात. मला तो मनोरा पाहताना एवढंच वाटलं की, याच्या दगडात आमचा कापूस आहे. मुंबईच्या इतिहासात त्या पडझडीवर पानंच्या पानं आहेत. त्याच वर्षी पऱ्हाटी, म्हणजे कापूस, पेरलेल्या माणसाचं काय झालं, यावर फार थोडं लिहिलंय. भाव पडला की पहिला मार कुठं बसतो हे मला कुणी सांगायला नको. रूळ नागपूरपर्यंत पोचले ते १८६७ मध्ये, तेजी ओसरल्यावर.

त्या पडझडीत भरडलेल्या घरांत एक टाटांचं होतं. जमशेटजी टाटा तेव्हा पंचविशीतला तरुण. कापसाच्या व्यवहारातले हाल त्यानं जवळून पाहिले. पुढे गिरणी काढायची ठरली तेव्हा सगळा गाव मुंबईत गिरण्या काढत होता, आणि या माणसानं नागपूर निवडलं. कापूस जिथं पिकतो तिथंच सूत काढायचं! दलदलीची जागा होती. एका सावकारानं 'हे मातीत पैसा पुरणं आहे' म्हणून कर्ज नाकारलं, आणि पुढे 'यानं माती घालून सोनं काढलं' असं तोच म्हणाला, अशी आठवण सांगतात. १ जानेवारी १८७७ ला, व्हिक्टोरिया राणीला सम्राज्ञी जाहीर केलं त्याच दिवशी, गिरणी सुरू झाली, म्हणून तिचं नाव एम्प्रेस. कामगारांना भविष्य निर्वाह निधी तिनं १९०१ मध्येच दिला. आमच्या जिल्ह्यात आजही कच्चा कापूस बाहेर जातो आणि कापड बाहेरून येतं. तेव्हा दीडशे वर्षांपूर्वीचा तो विचार मला आजही ताजा वाटतो.

मुंबईच्या गिरण्यांत मात्र माणूस उजेडापासून अंधारापर्यंत राबत होता आणि सुट्टी नव्हती. नारायण मेघाजी लोखंडे हे नाव इथं पक्कं लक्षात ठेवा. जोतीरावांचे सत्यशोधक सहकारी, 'दीनबंधु'चे संपादक. १८८४ मध्ये त्यांनी गिरणी कामगारांना एकत्र केलं, आणि १० जून १८९० ला गिरणी मालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. तुम्ही-आम्ही रविवारी निवांत चहा पितो, त्यामागे हा माणूस आहे. १८९६ मध्ये बंदराजवळच्या मांडवीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी प्लेग ओळखला, आणि पुढच्याच वर्षी त्या साथीनं लोखंड्यांना नेलं. प्लेगची लस याच शहरात तयार झाली. वाल्डेमार हाफकिन यांनी जानेवारी १८९७ मध्ये ती आधी स्वतःच्या अंगात टोचून घेतली.

आता बाबासाहेबांविषयी. त्यांना 'मुंबईचे' म्हणणं कुणाला थोडं वाटेल, पण त्यांचं शिक्षण एल्फिन्स्टनमध्ये, संसार परळच्या चाळीतल्या खोल्यांत, 'मूकनायक' १९२० मध्ये मुंबईतूनच. मी कापूसवाला म्हणून एक गोष्ट सांगतो. आमच्या रानात बोंड कोणाच्या हातानं वेचलं हे गठाणीला कळत नाही. तीच गठाण मुंबईच्या गिरणीत गेली की अस्पृश्य कामगाराला विणकाम खात्यात मज्जाव होता, कारण तिथं धागा तोंडानं ओला करावा लागे. पगार त्याच खात्यात जास्त. १९२८ च्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न उघड मांडला. पुढे १९५६ च्या ऑक्टोबरात त्यांनी नागपूरला धम्मदीक्षा घेतली, डिसेंबरात दिल्लीला देह ठेवला, आणि अंत्ययात्रा निघाली ती मुंबईत, दादरच्या समुद्रकाठी. दर डिसेंबरला आमच्या गावातून भाकरी-चटणी बांधून माणसं निघतात, गाडीत पाय ठेवायला जागा नसते, आणि दादरला उतरतात. आमच्याकडच्या कितीतरी बायांनी मुंबई पाहिली ती अशी, आणि तेवढीच.

१९४४ च्या स्फोटाविषयी थोडक्यात. १४ एप्रिलला व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकिन' हे जहाज फुटलं. दारूगोळा आणि कापसाच्या गठाणी एकाच जहाजात भरल्या होत्या. तो कापूस आपला नव्हता, कराचीला चढवलेला होता. आग विझवायला गेलेले अग्निशमन दलाचे जवान मोठ्या संख्येनं मेले; १४ एप्रिलपासून देशभर अग्निशमन सप्ताह पाळतात तो त्यांच्यासाठी.

शेवटचं नाव तुम्हाला मुंबईच्या इतिहासाच्या पुस्तकात सहसा दिसणार नाही. अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचे गाडगेबाबा. हातात खराटा, डोक्यावर गाडग्याचं खापर. बाबांचं शेवटचं कीर्तन मुंबईत झालं, वांद्र्याला पोलिसांपुढे, नोव्हेंबर १९५६ मध्ये. बाबासाहेबांनंतर चौदाच दिवसांनी, २० डिसेंबरला, वलगावजवळ पेढी नदीपाशी तेही गेले. मुंबईत दवाखान्यासाठी आलेल्या गरिबाला टेकायला जागा हवी, हे त्यांनी ओळखलं होतं. दादरला त्यांच्या नावाची धर्मशाळा आहे, तिथं कॅन्सरचे पेशंट आणि त्यांचे नातलग राहतात. माझ्या आईला परळला टाटा रुग्णालयात दाखवायची वेळ आली तेव्हा आम्ही अडीच महिने त्या धर्मशाळेत काढले. पहिल्या संध्याकाळी आई पिशवी मांडीवर घेऊन बसली होती, एक शब्द बोलत नव्हती. शेजारच्या खाटेवरची गळ्याला पट्टी बांधलेली बाई तिच्याकडे वळून हळूच म्हणाली, "कोण्या गावच्या जी तुम्ही?" बाई अचलपूरकडची होती. आई त्या दिवशी पहिल्यांदा जेवली. आता आई बरी आहे, यंदा सीतादहीला, म्हणजे कापूस वेचणीच्या मुहूर्ताला, शेताच्या धुऱ्यावर दहीभात तिनंच ठेवला.

निघायच्या आदल्या दिवशी मी एकटा वडाळ्याहून हार्बरच्या गाडीनं कॉटन ग्रीनला गेलो. कापसाचा बाजार आधी किल्ल्यातल्या मोकळ्या मैदानावर भरे, मग कुलाब्याला, आणि शंभर वर्षांपूर्वी शिवडीकडे या जागी आला. स्टेशनला नाव त्याचंच. पाटी वाचून उतरलो. गोदामांच्या ओळी होत्या, बरीच कुलपं गंजलेली. एका दारापाशी वयस्कर राखणदार बसले होते, बोलण्यावरून मालवणकडचे. मी विचारलं, "काका, इथं गठाणी कुठून यायच्या?"

"लांबून. अकोला, यवतमाळ, तिकडून."

"मी तिकडचाच."

त्यांनी स्वतःचं स्टूल माझ्याकडे सरकवलं आणि चहा सांगितला.