एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नसेल तर सुटी फाईल आणू नका, पॅकेज घाला

तुमचा प्रश्न असा: म्हापशातल्या दुकानाच्या संगणकावर, विंडोज १० मध्ये, बिलिंगचं सॉफ्टवेअर उघडताना 'एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही' असा संदेश आला. कुणीतरी सुचवलं म्हणून ती फाईल एका वेबसाईटवरून उतरवून सिस्टीम३२ मध्ये टाकली. आता ०एक्ससी०००००७बी ही एरर येते. चवथ तोंडावर आली आहे, तर विंडोज नव्याने घालावी का?

नको. बहुतेक वेळा हे अर्ध्या तासात निस्तरतं आणि बिलांच्या डेटाला हातही लावावा लागत नाही.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायचा कोड. गावच्या देवळातले मोठे टोप कुणाच्याही घरच्या कार्याला चालतात, प्रत्येकाने वेगळे घ्यावे लागत नाहीत, तसं. प्रोग्राम सुरू होताना विंडोज ही फाईल साधारणपणे आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधते, मग सिस्टीमच्या फोल्डरमध्ये, शेवटी पाथ नावाच्या विंडोजच्या यादीत नोंदवलेल्या जागांवर. कुठेच मिळाली नाही की तुमचा पहिला संदेश येतो.

दुसरी एरर वेगळी आहे. प्रोग्राम आणि डीएलएल ३२-बिट किंवा ६४-बिट अशा दोन जातींच्या असतात आणि एकीची फाईल दुसरीला चालत नाही. इथे फाईल मिळाली, पण चुकीच्या जातीची: ६४-बिट प्रोग्रामच्या हाती ३२-बिट फाईल पडली किंवा उलट. इथे नावंच फसवतात. ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टीम३२ या फोल्डरात ६४-बिट फाईली असतात आणि ३२-बिट फाईली सिसवॉव६४ मध्ये. तुम्ही बहुधा ३२-बिट फाईल सिस्टीम३२ मध्ये ठेवलीत.

म्हणून पहिलं काम, ती फाईल काढून टाका. प्रोग्रामच्या फोल्डरमध्येही टाकली असेल तर तिथूनही काढा, कारण शोध तिथूनच सुरू होतो. हे टाळून पुढे गेलात तर इन्स्टॉलर आधीच असलेली, तितकीच नवी दिसणारी फाईल बदलत नाही आणि एरर तशीच राहते.

मग मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साईटवरून व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबलचं सगळ्यात नवं पॅकेज घ्या (व्ही१४; आधी ते २०१५-२०२२ या नावाने मिळायचं). तुमची हरवलेली फाईल यातच असते. एक्स८६ (३२-बिट) आणि एक्स६४ (६४-बिट) दोन्ही घाला. बिलिंगचं सॉफ्टवेअर कितव्या बिटचं आहे ते शोधत बसण्यापेक्षा हे सोपं; दोन्ही मिळून ५० एमबीच्या आत आहेत. काणकोण-सत्तरीकडच्या दुकानात नेट धड चालत नसेल तर पेन ड्राईव्हवर न्या, इन्स्टॉल करताना नेट लागत नाही. पॅकेज आधीच असल्याचं इन्स्टॉलर म्हणाला तर 'रिपेअर' निवडा. शेवटी संगणक रीस्टार्ट करा.

कुठलं पॅकेज हवं ते फाईलच्या नावातला आकडा सांगतो. १०० म्हणजे २०१० चं, ११० म्हणजे २०१२ चं, १२० म्हणजे २०१३ चं, १४० म्हणजे २०१५ पासूनचं. व्हीसीरनटाईम१४०_१ ही एकटीच सापडत नसेल तर पॅकेज आहे, पण जुनं आहे; नवं घातलं की पुरे. डी३डीएक्स९_४३ मात्र डायरेक्टएक्सच्या, म्हणजे गेम आणि ग्राफिक्ससाठीच्या मायक्रोसॉफ्टच्या संचाच्या, जून २०१० च्या रनटाईममध्ये मिळते, सी++ पॅकेजमध्ये नाही. आणि प्रोग्रामांच्या यादीत व्हिज्युअल सी++ च्या पाच-सात नोंदी दिसल्या तर जागा वाचवायला त्या उडवू नका. प्रत्येक वर्षाचं पॅकेज वेगळ्या प्रोग्रामांना लागतं.

रेगएसव्हीआर३२ चालवायचा सल्लाही कुणीतरी देईल. ती आज्ञा ज्यांची नोंदणी करावी लागते अशा काही डीएलएलसाठीच आहे. या फाईलवर चालवली तर एंट्री पॉइंट सापडला नाही, एवढंच उत्तर येईल.

इतकं करूनही विंडोजच्याच फाईली हरवल्याचे संदेश येत असतील, तर सिस्टीम बिघडलेली असू शकते. पावसात आपल्याकडे अपडेट चालू असतानाच लाईट जाते, तेव्हा हे होतं. कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा आणि आधी 'डीआयएसएम /ऑनलाईन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ', मग 'एसएफसी /स्कॅननाऊ' चालवा, अर्थात इंग्रजी अक्षरांत. क्रम हाच ठेवा: एसएफसी ज्या साठ्यातून चांगल्या फाईली घेते तो साठा डीआयएसएम दुरुस्त करते. डीआयएसएमला नेट लागतं. ६२ टक्क्यांच्या आसपास ते बराच वेळ थांबल्यासारखं वाटतं, तेव्हा खिडकी बंद करू नका. यूपीएस नसेल तर लाईट स्थिर असतानाच हे करा.

ज्या साईटवरून फाईल आणलीत तिथला कुठलाही 'फिक्सर' प्रोग्राम चालवला असेल तर तो काढा आणि अँटिव्हायरसने पूर्ण स्कॅन करा. सुट्या डीएलएलच्या नावाखाली व्हायरस येतो, आणि दुकानाच्या संगणकावर तुमची बँकही उघडते. त्याच वेळी अँटिव्हायरसच्या क्वारंटाईनमध्ये, म्हणजे संशयित फाईली तो अडकवून ठेवतो त्या जागीही बघा. कधी कधी बिलिंगच्या सॉफ्टवेअरची स्वतःची डीएलएल तिथे अडकलेली असते. तसं असेल तर ती परस्पर सोडवू नका, सॉफ्टवेअर ज्यांच्याकडून घेतलंत त्यांना विचारून त्यांच्याच इन्स्टॉलरने पुन्हा घाला. त्याआधी बिलांच्या डेटा फोल्डरची एक प्रत पेन ड्राईव्हवर ठेवा.