समलिंगी इतिहास वाचायचाय? मग हसणाऱ्या पानांपासून सुरुवात करा

तुमचा प्रश्न असा आहे: गे आणि लेस्बियन माणसांचा इतिहास वाचायला घेतला की खटले, तुरुंग आणि आत्महत्या यांपलीकडे काही हाती लागत नाही. ही माणसं कधी हसायची की नाही, आणि वाचनाची सुरुवात करायची कुठून?

हसायची, भरपूर हसायची. आणि सुरुवात तिथूनच करा, असा माझा आग्रह आहे. मी स्वतः गे आहे आणि बरीच वर्षं या विषयावर मिळेल ते वाचत आलोय. एवढ्या वाचनानंतर माझं ठाम मत झालंय की विनोद हा या इतिहासातला सगळ्यात भरवशाचा पुरावा आहे.

का, ते सांगतो. आपल्याबद्दलची जुनी कागदपत्रं लिहिली कोणी? पोलिसांनी, न्यायालयांनी, डॉक्टरांनी. त्यांत आपली माणसं दिसतात ती कुणाच्या तरी प्रश्नाला उत्तर देताना, खाली मान घालून. डॉक्टरांचं तर विचारूच नका. हॅवलॉक एलिससारखा सहानुभूतीने लिहिणारा माणूससुद्धा एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अशा पुरुषांना शिट्टी वाजवता येते का आणि हिरवा रंग जास्त आवडतो का, याच्या गंभीरपणे नोंदी करत होता. जे कागद माणसांनी स्वतः लिहिले, ते भीतीपोटी त्यांनीच जाळले, नाहीतर मागे राहिलेल्या नातेवाइकांनी. कधी हे काम राजवटीनेच केलं. माग्नुस हिर्शफेल्ड या जर्मन डॉक्टरांनी १९१९ मध्ये बर्लिनमध्ये लैंगिकतेच्या अभ्यासासाठी संस्था काढली, मोठं ग्रंथालय उभं केलं. ६ मे १९३३ ला नाझी विद्यार्थ्यांनी ती लुटली आणि चारच दिवसांनी तिथली पुस्तकं भर चौकात होळीत गेली. पुरुषांमधल्या संबंधांना गुन्हा ठरवणारं जर्मन कलम १७५ कायद्याच्या पुस्तकातून पूर्णपणे गेलं ते १९९४ मध्ये.

विनोद मात्र माणूस आपल्या माणसांत करतो. न्यायाधीशासमोर जी माणसं थरथरत उभी दिसतात, ती आपसांत कशी बोलायची, कुणाची टर उडवायची, कशावर खूश व्हायची, हे विनोदातून कळतं.

नाटककार ऑस्कर वाइल्डच्या बाबतीत तर दोन्ही गोष्टी एकाच वर्षात घडल्या. 'द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट' हे त्याचं नाटक १४ फेब्रुवारी १८९५ ला लंडनच्या रंगमंचावर आलं. त्यातला एक तरुण नसलेला भाऊ सांगून शहरात येतो, दुसरा नसलेला आजारी मित्र सांगून गावाकडे पळतो. दोघेही दुहेरी आयुष्य जगतात आणि प्रेक्षक पोट धरून हसतात. काही आठवड्यांतच वाइल्ड कोर्टात होता, स्वतःच लावलेल्या बदनामीच्या खटल्यात. तिथेही त्याच्या उत्तरांवर लोक हसत होते. एका प्रश्नाला त्याने सवयीने चटपटीत उत्तर दिलं, समोरच्या वकिलाने तेच धरून ठेवलं, आणि तिथून बाजू पालटली. २५ मे रोजी पुरुषांशी संबंध ठेवल्याच्या गुन्ह्याखाली त्यालाच दोन वर्षांची सक्तमजुरी झाली. आधी नाटक वाचा, मग खटल्याचा पूर्ण वृत्तांत वाचा (त्याचा नातू मर्लिन हॉलंड याने तो २००३ मध्ये प्रसिद्ध केला). नाटकात हशा मिळवणारी तीच बुद्धी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात त्याला कशी नडते, हे बघताना गळा दाटून येतो.

पण एकच लेखन सुचवा म्हणालात, तर मी ॲन लिस्टरच्या डायऱ्यांचं नाव घेईन. इंग्लंडमधल्या हॅलिफॅक्सची ही जमीनदारीण, जन्म १७९१, मृत्यू १८४०. तिने जवळपास पन्नास लाख शब्दांची रोजनिशी लिहिली आणि त्यातला सुमारे सहावा भाग स्वतः बनवलेल्या सांकेतिक लिपीत, ग्रीक अक्षरं आणि बीजगणिताची चिन्हं वापरून. ती गेल्यावर पन्नासेक वर्षांनी तिच्याच घराण्यातला जॉन लिस्टर आणि त्याचा मित्र आर्थर बरेल ती लिपी सोडवायला बसले. एका चिठ्ठीवर 'देवातच माझी' एवढे शब्द साध्या अक्षरांत होते आणि पुढे चार सांकेतिक चिन्हं. तिथे 'आशा' हा चार अक्षरी इंग्रजी शब्द असणार, असा त्यांनी अंदाज बांधला. तो बरोबर निघाला आणि कुलूप उघडलं. आत काय निघालं? एका बाईचे दुसऱ्या बायकांशी असलेले संबंध, तपशीलवार. बरेलने सल्ला दिला की जाळून टाक. जॉन लिस्टरने जाळलं नाही. त्याने त्या वह्या घराच्या लाकडी तक्तपोशीमागे लपवल्या. तो स्वतःही समलिंगी असावा असं अनेक अभ्यासक मानतात. त्या एका माणसाचा हात थबकला म्हणून हेलेना व्हिटब्रेड या बाईंना १९८० च्या दशकात ती पानं वाचता आली आणि १९८८ मध्ये त्यांतली निवड पुस्तकरूपाने आली.

आता त्या सांकेतिक भागात प्रेम आहे, विरह आहे, पण त्याच लिपीत शेजाऱ्यापाजाऱ्यांची उणीदुणीही आहेत. कुणाचे कपडे गावंढळ, कुणाची बोलण्याची ढब हलकी, कोण आपल्या पायरीचं नाही. बाई प्रचंड ताठ होती. कुळांनी आपल्याच पक्षाला मत द्यावं म्हणून त्यांच्यावर दबाव आणायची. मला हे फार मोलाचं वाटतं. नाहीतर आपण पूर्वजांना हुतात्मा तरी करतो नाहीतर संत. आणि याच बाईने १८२१ च्या जानेवारीत लिहून ठेवलंय की माझं प्रेम स्त्रियांवर आहे, फक्त स्त्रियांवर, आणि दुसऱ्या कुठल्या प्रेमाला माझं मन तयार नाही. कोणाची परवानगी नाही, कोणाची क्षमा नाही. दोनशे वर्षांपूर्वी.

पुढची जोडी १९२८ ची. त्या वर्षी रॅडक्लिफ हॉलची 'द वेल ऑफ लोनलीनेस' ही लेस्बियन नायिकेची कादंबरी आली. अतिशय गंभीर, दयेची याचना करणारी. 'त्या रात्री त्या दोघी वेगळ्या राहिल्या नाहीत' याच्या पुढे त्यात काही नाही, तरी लंडनच्या न्यायाधीशाने प्रती नष्ट करण्याचा हुकूम दिला. त्याच शरद ऋतूत व्हर्जिनिया वुल्फचं 'ऑर्लँडो' आलं. नायक तीनशेहून अधिक वर्षं जगतो, मधेच एके दिवशी झोपेतून उठतो तो स्त्री होऊन, आणि पुस्तक असं काही वागतं की जणू हे रीतसर चरित्रच आहे. छायाचित्रं आहेत, मागे सूचीसुद्धा आहे. छायाचित्रांतली काही व्हिटा सॅकव्हिल-वेस्टची, जिच्यावर वुल्फचं प्रेम होतं. म्हणजे अख्खं पुस्तक एका बाईने दुसरीला लिहिलेलं प्रेमपत्र, उघड उघड दुकानात विकायला ठेवलेलं, आणि त्याच्या वाटेला कोणी गेलं नाही. रडून मागितलं ते जप्त झालं, हसत सांगितलं ते सुटलं. हॉलचं पुस्तकही वाचा, ते धाडसाचं आहे, पण ते पहिलं वाचू नका. ई. एम. फॉर्स्टरने तर १९१४ पर्यंत लिहून झालेली 'मॉरिस' जन्मभर कपाटात ठेवली. त्यातले दोन पुरुष शेवटी सुखाने एकत्र राहतात, एवढंच कारण. ती १९७१ मध्ये, तो गेल्यावर आली.

सुटण्याची ही युक्ती बीबीसीवरसुद्धा चालली. १९६५ ते १९६८ या काळात 'राउंड द हॉर्न' नावाच्या रेडिओ कार्यक्रमात ज्युलियन आणि सँडी ही जोडगोळी असायची. दोघेही गे, हे ज्याला कळायचं त्याला कळायचं. त्यांच्या बोलण्यात पोलारी भरलेली असे. ती खलाशी, सर्कसवाले, नाटकवाले यांच्याकडून आलेली आणि गे पुरुषांनी पोलिसांपासून बचावासाठी वापरलेली गुप्त बोली. रविवारी दुपारी घरोघर सहकुटुंब हे ऐकलं जायचं. एका भागात दोघे वकील झालेत. आमची केस घ्याल का, असं विचारल्यावर उत्तर मिळतं की आमची क्रिमिनल प्रॅक्टिस आहे, बहुतेक वेळ तिच्यातच जातो. इंग्लंडमध्ये पुरुषांमधले संबंध १९६७ च्या जुलैपर्यंत सरसकट गुन्हा होते, हे लक्षात ठेवून तो विनोद पुन्हा वाचा. या संहिता पुस्तकरूपात आहेत.

आता ज्या बाईबद्दल सांगायला मला सगळ्यात आवडतं तिच्याकडे येतो. बार्बरा गिटिंग्ज, अमेरिकेतली समलिंगी हक्कांची कार्यकर्ती. कॉलेजच्या पहिल्या वर्षात तिला स्वतःबद्दल उमगलं आणि ती ग्रंथालयांत शिरली, मी कोण आहे ते पुस्तकांत शोधायला. वर्ग सोडून वाचत बसली, इतकी की वर्ष नापास झाली. तिला सापडल्या त्या विकृतीच्या आणि मनोरुग्णांच्या नोंदी, आनंदी माणूस एकही नाही. तुमची तक्रारही हीच आहे ना? पुढे ती अमेरिकन ग्रंथालय संघटनेतल्या समलिंगी गटाची प्रमुख झाली. ती स्वतः ग्रंथपाल नव्हती. १९७१ साली डॅलसला संघटनेचं अधिवेशन होतं. प्रदर्शनाच्या दालनात या गटाला एक स्टॉल मिळाला. पुस्तकं मांडण्याऐवजी त्यांनी पाटी लावली: 'समलिंगी माणसाला मिठी मारा'. एका बाजूला फक्त बायकांसाठी, दुसऱ्या बाजूला फक्त पुरुषांसाठी, सगळं फुकट. ग्रंथपालांची गर्दी जमली, टीव्हीचे कॅमेरे आले, आणि पुढे कोणीच येईना. मग स्टॉलवरच्यांनी एकमेकांनाच मिठ्या मारायला सुरुवात केली, मुकेही घेतले. ते संध्याकाळच्या बातम्यांत दाखवलं गेलं. याच गटाने वाचनीय पुस्तकांची यादी काढली. सुरुवातीला ती छोटीशी होती, कारण बरं म्हणावं असं होतंच किती! दशकभरात ती शेकडो नोंदींची झाली. अमेरिकन मानसोपचार संघटनेने समलिंगीपणा आजारांच्या यादीतून काढला तो १९७३ मध्ये, म्हणजे त्या मिठ्यांच्या वेळी ही माणसं अधिकृतपणे आजारी होती.

पुस्तकातून स्वतःची ओळख पटणं हे आपल्या लोकांत फार घडतं. ॲलिसन बेकडेलच्या 'फन होम' (२००६) या चित्रकथेतल्या आत्मचरित्रात ती लेस्बियन असल्याचं तिला कळतं तेच मुळी पुस्तकं चाळताना, कोणाच्या प्रेमात पडायच्या आधी. वडील इंग्रजीचे शिक्षक, शिवाय घरचा अंत्यविधीचा व्यवसाय, आणि तेही आयुष्यभर पुरुषांकडे ओढले गेलेले, लपून. बाप-लेक एकमेकांशी मोकळेपणी बोलतात ते फक्त पुस्तकांविषयी. अंत्यविधीच्या त्या दुकानात खेळणारी मुलं बघून हसू येतं आणि पान उलटलं की बोलती बंद होते. हलकंफुलकं हवं असेल तर आर्मिस्टेड मॉपिनची 'टेल्स ऑफ द सिटी' घ्या. ही १९७६ पासून वर्तमानपत्रात क्रमशः येत होती. त्यातलं एक पात्र आईला पत्र लिहून स्वतःबद्दल सांगतं, आणि अनेक वाचकांनी ते पत्र कापून आपापल्या आईवडिलांना पाठवलं.

आपल्या जवळचं हवं असेल तर उर्दू लेखिका इस्मत चुगताईंची 'लिहाफ' (१९४२) ही कथा आहेच. पण कथेपेक्षा मला त्यांच्या आत्मकथनातलं, तिच्यावर झालेल्या अश्लीलतेच्या खटल्याचं वर्णन जास्त आवडतं. लाहोरच्या कोर्टात साक्षीदारांना कथेतला अश्लील शब्दच दाखवता येईना, तो प्रसंग त्यांनी फार रंगवून सांगितलाय. त्या सुटल्या. मराठीत तेंडुलकरांचं 'मित्राची गोष्ट' आणि सचिन कुंडलकरांची 'कोबाल्ट ब्लू' ही दोन नक्की. दुसरीत भाऊ आणि बहीण घरात राहायला आलेल्या एकाच तरुणाच्या प्रेमात पडतात. 'मित्राची गोष्ट'मध्ये हसू नाही, त्यासाठी वेगळी मनःस्थिती ठेवा.

एक काळजी घ्या. बायकी पुरुष दिसला की हशा, हाही विनोदाचा जुना प्रकार आहे आणि तो ढिगाने सापडेल. विनोद कोण करतंय आणि ऐकायला समोर कोण बसलंय, एवढं बघा, फरक लगेच लक्षात येईल. आणि जुन्या माणसांवर आजची नावं चिकटवायची घाई करू नका. लिस्टर स्वतःला काय म्हणवून घ्यायची ते तिच्याच तोंडून ऐका.

घरी पुस्तक उघड्यावर ठेवणं शक्य नसेल, तर ही बरीचशी फोनवर वाचता येतात. 'ऑर्लँडो' आणि वाइल्डचं नाटक मोफत आणि कायदेशीर उपलब्ध आहेत, तेव्हा आज रात्रीच नाटक वाचून टाका, दोन-तीन तासांचं काम आहे. लिस्टर सलग वाचू नका, मधलं कुठलंही पान काढा. आणि 'ऑर्लँडो'च्या मागच्या सूचीपर्यंत पोचलात की खाली लिहा, तिच्याबद्दल बोलायला मला कोणीतरी हवंच आहे.