हिटलरच्या सेनापतींपैकी एकानेही अत्याचारांविरुद्ध तोंड उघडलं नाही का?

एकाने तरी उघडलं, आणि तेही लेखी. योहानेस ब्लास्कोवित्स. तुम्ही विचारलंय की युद्धानंतर ‘आम्हाला काही कल्पनाच नव्हती’ म्हणणाऱ्या जर्मन सेनापतींवर विश्वास ठेवावा का. मी ठेवत नाही, आणि त्याला मुख्य कारण या माणसाची टिपणं आहेत.

पूर्व प्रशियातल्या एका पाद्र्याचा हा मुलगा, जन्म १८८३चा. सप्टेंबर १९३९मध्ये पोलंडवर चढाई झाली तेव्हा आठवी आर्मी त्याच्या हाताखाली होती. ब्झुरा नदीच्या लढाईत पोलिश फौजेने त्याला जेरीस आणलं होतं, पण २८ सप्टेंबरला वॉर्साची शरणागती त्यानेच स्वीकारली. त्यानंतर व्याप्त पोलंडमधल्या जर्मन सैन्याची सूत्रं त्याच्याकडे आली.

एसएस (नाझी पक्षाचं सशस्त्र दल) आणि पोलिसांच्या तुकड्या तिथे ज्यूंना आणि पोलिश नागरिकांना गोळ्या घालत होत्या, लुटत होत्या. हाताखालच्या लोकांकडून येणाऱ्या बातम्या त्याने दाबून ठेवल्या नाहीत. नोव्हेंबरमध्ये त्याने टिपण लिहून वर पाठवलं. ते हिटलरच्या कानावर गेलं तेव्हा तो संतापला. साल्व्हेशन आर्मीच्या (म्हणजे गोरगरिबांना मदत करणाऱ्या ख्रिस्ती सेवासंस्थेच्या) पद्धतीने युद्ध करता येत नाही, असं तो म्हणाल्याची नोंद त्याच्या लष्करी सहायकाने केली आहे. ग्रोसकुर्ट नावाच्या अधिकाऱ्याने हेच टिपण डिसेंबरमध्ये पश्चिम आघाडीवरच्या सेनापतींच्या मुख्यालयांत नेऊन दाखवलं. म्हणजे युद्ध सुरू होऊन चार महिनेही झाले नव्हते तेव्हाच ही माहिती त्यांच्यापर्यंत पोचली होती.

फेब्रुवारी १९४०मध्ये सरसेनापती ब्राउखिचसाठी ब्लास्कोवित्सने आणखी सविस्तर टिपण केलं. ते वाचताना मात्र मी अडखळतो. हजारो ज्यू आणि पोल मारणं चूक आहे, असं तो म्हणतो. पण कारण काय देतो? एवढ्याने ना पोलिश राष्ट्राची कल्पना पुसली जाईल, ना ज्यू संपतील. हे कारण मनापासूनचं होतं की वरिष्ठांना पटावं म्हणून पुढे केलेलं, यावर वाद घालता येईल. पण त्याच टिपणात तो असंही बजावतो की या प्रकारांतून जर्मन माणसांत जे क्रौर्य आणि नैतिक अधःपतन रोगाच्या साथीसारखं पसरेल, ते जर्मनीचंच सर्वांत मोठं नुकसान असेल. हे वाक्य मला त्याच्या सगळ्या लढायांपेक्षा मोठं वाटतं.

मे १९४०मध्ये त्याला पोलंडमधून हलवलं. फील्ड मार्शलपद त्याला कधीच मिळालं नाही. पुढे फ्रान्समध्ये पहिली आर्मी त्याच्याकडे होती. नेताजींनी जर्मनीत उभारलेल्या सेनेतले भारतीय सैनिक १९४३मध्ये बोर्दोजवळ लाकानोच्या किनाऱ्यावर आले, तो टापू याच आर्मीच्या ताब्यातला. १९४४मध्ये दक्षिण फ्रान्समधून माघार त्याच्याच नेतृत्वाखाली झाली.

मला खटकतं ते हे की फ्रान्सपासून हॉलंडपर्यंत तो त्याच हिटलरसाठी लढत राहिला. हिटलरला मारायचा कट करणाऱ्यांत तो नव्हता, राजीनामाही त्याने दिला नाही. मे १९४५मध्ये हॉलंडमधल्या वागेनिंगेन इथे कॅनडाच्या जनरल फोक्ससमोर त्याने शरणागती पत्करली.

न्यूरेंबर्गला १४ वरिष्ठ सेनाधिकाऱ्यांवर खटला भरला गेला, त्यात तोही आरोपी होता. ५ फेब्रुवारी १९४८ला, सुनावणी सुरू झाली त्याच दिवशी, त्याने तुरुंगात वरून उडी मारून जीव दिला. उरलेल्या १३ जणांपैकी ११ दोषी ठरले. त्याच्या बाबतीत न्यायालयाला काही ठरवण्याची वेळच आली नाही.