नौदलात अधिकारी झाल्यावर क्रिकेट सोडावे लागते का?

आपण विचारले आहे की, आपला सतरा वर्षांचा मुलगा जिल्हा संघातून खेळतो, एनडीएची (राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची) लेखी परीक्षा उत्तीर्ण झाला आहे आणि त्याला नौदलातच जायचे आहे. तर अधिकारी झाल्यावर त्याचे क्रिकेट चालू राहील की सुटेल? मी बावीस वर्षे नौदलात होतो आणि त्यातली बहुतेक वर्षे जमेल तेथे खेळलो. क्रिकेट सुटत नाही. मात्र ते कधी खेळायचे हे आपल्या हाती राहत नाही, आणि ज्या घराला हे पटत नाही त्या घरात हा वाद आयुष्यभर चालतो. आमच्या घरात तो अजून चालू आहे.

१९८६ च्या ऑगस्टमधील एका रविवारी कांगा लीगमध्ये, म्हणजे मुंबईतल्या पावसाळी क्लब स्पर्धेत, माझ्या जुन्या क्लबचा सामना आझाद मैदानावर होता. मी तेव्हा मुंबईतल्याच एका जहाजावर लेफ्टनंट होतो. कांगा लीगची खेळपट्टी कशी असते हे आपणास सांगायला नको. एक चेंडू पायाशी बसतो आणि पुढचा कानाजवळून जातो. तेथे चाळीस धावा केल्या तर ते शतक समजावे, असे आमचे वडील म्हणत. त्या दिवशी मी ५३ वर नाबाद होतो, जिंकायला ३१ धावा हव्या होत्या आणि दुसऱ्या टोकाला माझा थोरला भाऊ, म्हणजे दादा, खेळत होता. षटक संपले तेव्हा आमच्या तंबूजवळ पांढऱ्या गणवेशातला एक नौसैनिक भिजत उभा असलेला मला दिसला. त्याच्या हातात ड्यूटी ऑफिसरची चिठ्ठी होती. शाईने लिहिलेल्या दोन ओळींपैकी वेळेचा आकडा पावसाने फुटला होता, तो त्याने तोंडी सांगितला : जहाज सोळाशे वाजता, म्हणजे दुपारी चारला, निघणार. तीन वाजायला दहा मिनिटे कमी होती. मी पंचांना सांगितले, दादाला सांगितले आणि मैदान सोडले. पॅड टॅक्सीत काढले, आणि नौदल गोदीच्या लायन गेटपाशी उतरलो तेव्हा बुटांच्या खिळ्यांत मैदानाचा चिखल तसाच होता.

रत्नागिरीच्या पश्चिमेला एका लहान मालवाहू जहाजाचे इंजिन बंद पडले होते आणि ते वाहत चालले होते. आम्ही दुसऱ्या दिवशी पहाटे तेथे पोहोचलो. पावसाळी लाटांत जहाज त्याच्या जवळ न्यायचे, दोर फेकायचा, तो चुकला की पुन्हा वळसा घेऊन यायचे, असे तीन तास चालले, आणि अखेर नऊ माणसे आमच्या डेकवर आली. त्यांत सोळा-सतरा वर्षांचा एक मुलगा होता. त्याने ब्लँकेटमधून हात काढून माझी बाही धरली, ती चहा पिऊन झाल्यावरही सोडली नाही.

इकडे क्लब बारा धावांनी हरला. चार दिवसांनी मी घरी गेलो तेव्हा दादाने स्कोअरबुक आणून टेबलावर उघडून ठेवले होते. माझ्या नावापुढे ५३ आणि त्यापुढे ‘निवृत्त’ असा शेरा होता. तो म्हणाला, “तू माझ्यासारखा बँकेत लागला असतास, तर आज रणजीच्या निवडीत असतास. नौदलाने एक फलंदाज बुडवला.” हे वाक्य मी तेव्हापासून जवळजवळ प्रत्येक दिवाळीला ऐकत आलो आहे.

मी त्याला कसोटीपटू हेमू अधिकारींचे उदाहरण देत असे. पुण्यात जन्मलेले हेमू अधिकारी सैन्यात असतानाच १९५९ मध्ये दिल्लीला वेस्ट इंडिजविरुद्ध भारताचे कर्णधार झाले. सर्व्हिसेसचा, म्हणजे सैन्यदलांचा, संघ १९५६-५७ आणि १९५७-५८ असा लागोपाठ दोनदा रणजीच्या अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला होता. यावर दादाचे उत्तर ठरलेले असे : “ते भूदलात होते. छावणीत मैदान असते, जहाजावर नसते.” त्याचा हा मुद्दा खरा आहे आणि तो मी मान्य करतो. म्हणून पुढे मी त्याला खास नौदलाचे उदाहरण शोधून दिले.

जॉन मॅनर्स हे रॉयल नेव्हीचे, म्हणजे ब्रिटिश नौदलाचे, अधिकारी १९१४ मध्ये एक्सेटर येथे जन्मले. १९३६ मध्ये ते हॅम्पशायर या इंग्लिश काउंटी संघाकडून पहिला सामना खेळले आणि ग्लॉस्टरशायरविरुद्ध त्यांनी ८१ धावा केल्या. अशी सुरुवात झालेल्या फलंदाजाला पुढचे चार-पाच मोसम सलग मिळायला हवे होते. परंतु आधी नोकरी आणि मग युद्ध यांमुळे हॅम्पशायरसाठी पुन्हा खेळायला त्यांना १९४७ साल उजाडले. त्याआधी, १६ एप्रिल १९४५ रोजी, त्यांच्या हुकमतीखालील एचएमएस व्हाइसरॉय या विनाशिकेने उत्तर समुद्रात यू-१२७४ ही जर्मन पाणबुडी बुडवली, आणि त्यांना डिस्टिंग्विश्ड सर्व्हिस क्रॉस हे शौर्यपदक मिळाले. मग वयाच्या बत्तिसाव्या वर्षी परत येऊन त्यांनी केंटविरुद्ध शतक केले. त्यांच्या नावावर २१ प्रथम श्रेणी सामने, १,१६२ धावा आणि चार शतके आहेत, आणि सरासरी ३१ च्या वर आहे. ते २०२० मध्ये १०५ व्या वर्षी वारले. या माणसाला नौदलाने बुडवले असे कोणी म्हणेल का? मला तर एवढ्या कमी सामन्यांत चार शतके पाहून असे वाटते की, जो खेळाडू रजा मोजून खेळायला येतो तो एकही डाव वाया घालवत नाही.

दादाने आणखी एक गोष्ट कधीच लक्षात घेतली नाही. माझ्या तोडीचे फलंदाज तेव्हा मुंबईच्या प्रत्येक मैदानावर चार-चार होते, आणि बँकेच्या नोकरीत, सरावाला सवलत मिळूनही, त्यांतले बहुतेक रणजीपर्यंत पोहोचले नाहीत. दादाही पोहोचला नाही. तेव्हा माझा रणजीचा मार्ग चिठ्ठी घेऊन आलेल्या त्या नौसैनिकाने अडवला, हे मला कधीही पटणार नाही. ती ५३ धावांची खेळी माझी सर्वोत्तम खेळी आहे, आणि ती अर्धवट सोडल्याची मला खंत नाही.

आता आपल्या मुलाविषयी. एनडीएत खेळ सक्तीचे आहेत, तेथे त्याला क्रिकेट मिळेल. बंदरात असताना जहाजांच्या आणि तळांच्या संघांत सामने होतात. समुद्रावर मी चेंडू मोज्यात घालून केबिनबाहेरच्या पाइपला टांगत असे आणि डुलणाऱ्या जहाजावर सरळ बॅटने खेळत असे; तोल सांभाळून खेळण्याचा इतका चांगला सराव मला नेटमध्येही कधी मिळाला नाही. सर्व्हिसेसच्या संघात निवड होणे मात्र वेगळे आहे, कारण त्यासाठी दीर्घकाळ जहाजाबाहेर राहावे लागते, आणि वॉचकीपिंगचे (जहाजावरची पाळी स्वतंत्रपणे सांभाळण्याचे) प्रमाणपत्र मिळवण्याच्या सुरुवातीच्या वर्षांत तरुण अधिकाऱ्याला ते फार अवघड जाते. मी सांगतो आहे तो माझ्या काळचा अनुभव आहे. आजचे नियम त्याने सेवेत असलेल्या अधिकाऱ्यांकडून समजून घ्यावेत. आणि त्याला क्रिकेटवरच पोट भरायचे असेल, तर त्याने अधिकारी होऊ नये. तेथे मी दादाच्या बाजूने आहे.

तो गेला तर बॅट बरोबर नेऊ द्या, आणि जवसाच्या तेलाची बाटलीही द्या. वातानुकूलित केबिनच्या कोरड्या हवेत बॅटला तडा जाऊ शकतो. माझी पहिली बॅट तशीच गेली.